स्मृतियंत्राची कल्पना आणि अनात्मवाद

माणसाच्या मनातील आठवण जशीच्या तशी नोंदवून ठेवता येईल काय, आणि ती दुसऱ्या माणसाच्या मनात उतरविता येईल काय, हा प्रश्न गेल्या अर्धशतकात पाश्चात्त्य कथावाङ्मयाने आणि चित्रपटांनी वारंवार हाताळला आहे. असे यंत्र आज कोठेही अस्तित्वात नाही. ते केवळ कल्पनेत आहे. तथापि ज्या कल्पनेकडे लेखक व दिग्दर्शक पुनःपुन्हा वळतात, तिच्या मुळाशी माणसाची एखादी खरी ओढ असते. आपण जे भोगले ते दुसऱ्याला कळावे, आणि आपण गेल्यावरही आपले काही मागे राहावे, ही ती ओढ होय.

बौद्ध वाचकाला हा विषय परका वाटण्याचे कारण नाही. आठवण म्हणजे काय, आठवणारा कोण, आणि एकाकडून दुसऱ्याकडे नेमके काय जाते, हे प्रश्न तथागतांच्या काळीही विचारले गेले होते व त्यांची उत्तरे पाली वाङ्मयात नमूद आहेत. प्रस्तुत लेखात प्रथम या काल्पनिक यंत्राचे स्वरूप पाहू, नंतर विज्ञान काय सांगते ते पाहू, आणि अखेरीस धम्माच्या कसोटीवर ही कल्पना कितपत टिकते याचा विचार करू.

कल्पनेतील यंत्रे

१९८२ साली आलेल्या ‘ब्लेड रनर’ या चित्रपटात राचेल नावाची एक कृत्रिम मानव-स्त्री आहे. तिला आपले बालपण आठवते, आईची आठवण येते. परंतु या आठवणी तिच्या नाहीतच. तिच्या निर्मात्याच्या पुतणीच्या आठवणी तिच्या मेंदूत घातलेल्या आहेत. हे कळताच ती कोसळते. ज्या आधारावर ती ‘मी’ म्हणत होती, तो आधारच दुसऱ्याचा निघतो.

१९८३ सालच्या डग्लस ट्रम्बुल दिग्दर्शित ‘ब्रेनस्टॉर्म’ या चित्रपटात संशोधकांनी डोक्यावर चढविण्याचे एक यंत्र तयार केले आहे. एकाने जे पाहिले, ऐकले, चाखले व ज्या भावना अनुभवल्या, त्या सर्व फितीवर नोंदल्या जातात आणि दुसऱ्याला त्या अनुभवता येतात. दुरावलेला पती आपल्या आठवणी पत्नीला देतो आणि दोघांमधील अंतर कमी होते. पुढे एक संशोधिका प्रयोगशाळेत एकटी असताना हृदयविकाराच्या झटक्याने मरण पावते. मरता मरता ती यंत्र सुरू करून आपल्या मृत्यूचीच नोंद करते. ती फीत अनुभवू पाहणाऱ्याचे शरीरही मरणाच्या वाटेने जाऊ लागते, म्हणून शारीरिक संवेदना वगळूनच ती पुढे पाहावी लागते. दरम्यान लष्कराची दृष्टी या शोधावर पडलेली असते.

१९९५ साली कॅथरिन बिगेलो यांनी दिग्दर्शित केलेला ‘स्ट्रेंज डेज’ हा चित्रपट १९९९ सालच्या अखेरच्या दोन दिवसांत, लॉस एंजेलिस शहरात घडतो. येथे केसांखाली लपविता येईल अशी एक जाळी आहे. तिच्या साहाय्याने अनुभव तबकडीवर उतरतो आणि चोरट्या बाजारात विकला जातो. लेनी निरो हा माजी पोलीस हा धंदा करतो, आणि स्वतः मात्र सोडून गेलेल्या प्रेयसीच्या जुन्या तबकड्या पुनःपुन्हा अनुभवीत बसतो. अशातच एक तबकडी त्याच्याकडे येते: एका कृष्णवर्णीय लोकप्रिय गायकाला दोन पोलिसांनी ठार मारल्याची, प्रत्यक्ष पाहणाऱ्या स्त्रीच्या डोळ्यांनी झालेली नोंद.

२०११ च्या डिसेंबरात ‘ब्लॅक मिरर’ या ब्रिटिश दूरचित्रवाणी मालिकेत ‘द एन्टायर हिस्टरी ऑफ यू’ हा भाग दाखविण्यात आला. येथे कानामागे बसविलेला एक कण आयुष्यातील प्रत्येक क्षण नोंदवितो, आणि तो डोळ्यांपुढे किंवा पडद्यावर पुन्हा चालविता येतो. पत्नीविषयी संशय घेणारा पती जुने क्षण उकरून काढतो. संशय खरा ठरतो, पण त्याचे घर मोडते. अखेर तो तो कण स्वतःच्या हाताने कापून काढतो.

या सर्व कथांत एक गृहीत समान आहे. आठवण ही मेंदूत ठेवलेली तयार वस्तू आहे. पेटीतून दागिना काढावा तशी ती काढता येते आणि दुसऱ्या पेटीत ठेवता येते, असे ते गृहीत होय. हेच आपल्याला तपासावयाचे आहे.

विज्ञानाची साक्ष

‘स्ट्रेंज डेज’मधील जाळीला जे नाव दिले आहे, ते खऱ्या उपकरणाचे आहे. ‘स्क्विड’ हे अत्यंत सूक्ष्म चुंबकीय क्षेत्र मोजणारे साधन होय. ब्रायन जोसेफसन यांनी १९६२ साली मांडलेल्या सिद्धान्ताच्या आधारे ते १९६४ साली तयार झाले, आणि १९७२ साली डेव्हिड कोहेन यांनी त्याचा उपयोग करून मेंदूतील विद्युतप्रवाहामुळे निर्माण होणारे चुंबकीय क्षेत्र मोजले. हे क्षेत्र पृथ्वीच्या चुंबकत्वाच्या तुलनेत कोट्यवधी पटींनी क्षीण असते. परंतु हे उपकरण केवळ बाहेरून ऐकते. मानवी मेंदूत सुमारे ८,६०० कोटी चेतापेशी आहेत. गावाबाहेर उभे राहून जत्रेचा गलबला ऐकू येतो, पण कोण कोणाशी काय बोलतो हे कळत नाही, तसाच हा प्रकार आहे. शिवाय ते मेंदूत काही लिहू शकत नाही.

आठवण एका प्राण्यातून दुसऱ्यात नेण्याचा प्रयत्न मात्र खरोखरच झालेला आहे. अमेरिकेतील जेम्स मॅककॉनेल यांनी १९५० व १९६० च्या दशकांत चपट्या कृमींना प्रकाश दिसताच आक्रसण्यास शिकविले, आणि अशा शिकविलेल्या कृमींचे तुकडे न शिकलेल्या कृमींना खाऊ घातले. खाणारे कृमी लवकर शिकतात, असा त्यांचा दावा होता. त्याची मोठी चर्चा झाली. पण इतरांना तोच परिणाम भरवशाने मिळेना, आणि तो मार्ग मागे पडला.

अलीकडचे प्रयोग अधिक काटेकोर आहेत. सुसुमु तोनेगावा यांच्या प्रयोगशाळेने २०१२ साली दाखवून दिले की, उंदराच्या मेंदूत भीतीची आठवण घडताना ज्या पेशी जागृत झाल्या होत्या, त्याच पेशी प्रकाशाने पुन्हा जागविल्या तर उंदीर भीतीने थिजतो. २०१३ साली ते आणखी पुढे गेले. उंदराला पहिल्या पेटीत ठेवून त्या वेळच्या पेशी चिन्हांकित केल्या. नंतर दुसऱ्या पेटीत त्या पेशी जागवीत असतानाच त्याला विजेचे झटके दिले. पुढे पहिल्या पेटीत, जेथे त्याला कधीच इजा झाली नव्हती तेथे, तो घाबरू लागला. खोटी आठवण घडविता येते, हे यावरून सिद्ध झाले. परंतु हे सर्व एकाच उंदराच्या मेंदूत घडले. एकाच्या पेशींची मांडणी दुसऱ्याच्या पेशींशी जुळत नाही. कारण ती मांडणी प्रत्येकाच्या जगण्यातून घडलेली असते.

माणसांविषयीचे संशोधनही याच दिशेने जाते. केंब्रिजचे मानसशास्त्रज्ञ फ्रेडरिक बार्टलेट यांनी १९३२ सालच्या आपल्या ग्रंथात एका प्रयोगाचे वर्णन केले आहे. उत्तर अमेरिकेतील आदिवासींची एक कथा त्यांनी इंग्रज वाचकांना दिली आणि काही काळाने ती सांगावयास लावली. प्रत्येकाने अनोळखी तपशील गाळले आणि कथा आपल्या ओळखीच्या साच्यात बसविली. १९८६ च्या जानेवारीत ‘चॅलेंजर’ हे अंतराळयान स्फोटात नष्ट झाले, तेव्हा दुसऱ्याच दिवशी काही विद्यार्थ्यांकडून त्यांना ही बातमी कशी कळली ते लिहून घेण्यात आले. अडीच-तीन वर्षांनी त्यांनाच पुन्हा विचारले असता अनेकांची हकिगत मूळ लेखनाहून फार वेगळी निघाली, आणि तरीही आपल्या आठवणीविषयी त्यांची खात्री दांडगी होती. २००० साली करीम नादेर व त्यांच्या सहकाऱ्यांनी उंदरांवरील प्रयोगांतून दाखविले की, जागी झालेली भीतीची आठवण काही काळ अस्थिर होते आणि मेंदूला ती पुन्हा पक्की करावी लागते. म्हणजे आठवण काढणे ही कपाटातून जुना कागद काढण्याची क्रिया नव्हे; ती प्रत्येक वेळी नव्याने घडणारी घटना आहे.

भिक्खू सातिचे मत

आता पाली वाङ्मयाकडे वळू. मज्झिम निकायातील महातण्हासंखय सुत्तात साति नावाच्या भिक्खूची हकिगत आहे. तो कोळ्याचा मुलगा होता. तेच एक विञ्ञाण, काही बदल न होता, जन्माजन्मांतून फिरत असते, असे त्याचे मत होते. इतर भिक्खूंनी समजावूनही तो ऐकेना, तेव्हा प्रकरण भगवंतांपुढे गेले. भगवंतांनी त्याला विचारले की, ते विञ्ञाण म्हणजे काय? जो बोलतो, अनुभवतो आणि कर्माची फळे भोगतो तो, असे त्याने उत्तर दिले. भगवंतांनी त्याला स्पष्ट शब्दांत खोडून काढले. विञ्ञाण प्रत्ययांवाचून उत्पन्न होत नाही. लाकडाने पेटलेल्या अग्नीला लाकडाचा अग्नी म्हणावे आणि गवताने पेटलेल्याला गवताचा, त्याप्रमाणे डोळा व रूप यांच्यामुळे उत्पन्न होणारे ते चक्षुविञ्ञाण, कान व शब्द यांच्यामुळे उत्पन्न होणारे ते श्रोतविञ्ञाण, असा उपदेश त्यांनी केला.

स्मृतियंत्राची कल्पना तपासून पाहिली, तर तिच्या पोटात सातिचेच मत दडलेले दिसते. अनुभवणारा कोणी एक आत आहे, त्याचा अनुभव ही त्याची मालमत्ता आहे, आणि ती न बदलता स्थलांतर करू शकते, असे हे मत होय. अग्नी उचलून दुसऱ्या ठिकाणी ठेवता येत नाही. तेथे पुन्हा इंधन लागते, आणि इंधन बदलले की अग्नीही वेगळाच होतो. एका माणसाची नोंद दुसऱ्याच्या मेंदूत चालविली, तर जे उत्पन्न होईल ते त्या दुसऱ्याच्या इंधनावर पेटलेले असेल.

श्लोक कोठून कोठे गेला?

मिलिंदपञ्ह या ग्रंथात या विषयाची चर्चा अधिक नेमकी आहे. राजा मिलिंद विचारतो की, आठवण चित्ताने होते की सतीने? भदन्त नागसेन उत्तरतात, सतीने. राजा ते मान्य करीत नाही. तेव्हा नागसेन त्याला विचारतात की, करावयाचे एखादे काम आपण कधी विसरला नाहीत काय? आणि त्या वेळी आपणांस चित्त नव्हते काय? चित्त होते, सती नव्हती, हे राजाला कबूल करावे लागते. पुढे आठवण किती प्रकारांनी उत्पन्न होते याची गणती आहे. सारखी वस्तू पाहून, वेगळी वस्तू पाहून, दुसऱ्याच्या बोलण्यावरून, मोजणीवरून, पाठांतरामुळे, पुस्तकावरून, असे अनेक प्रकार तेथे सांगितले आहेत. येथे ‘उत्पन्न होते’ हे क्रियापद महत्त्वाचे आहे. आठवण कोठे तरी पडून असते व आपण ती उचलतो, असे नागसेन म्हणत नाहीत. ती कारणांच्या संयोगाने उत्पन्न होते; म्हणजेच ती पटिच्चसमुप्पन्न आहे.

संक्रमण न होता पुनर्जन्म कसा होतो, असे राजाने विचारले असता नागसेनांनी दोन दृष्टान्त दिले. एका दिव्याने दुसरा दिवा लावला, तर पहिल्या दिव्यातून काही निघून दुसऱ्यात जाते काय? आणि लहानपणी आपण गुरूकडून एखादा श्लोक शिकलात, तेव्हा तो श्लोक गुरूपासून निघून आपल्याकडे आला काय? राजा दोन्ही वेळा ‘नाही’ म्हणतो. गुरूचा श्लोक गुरूपाशीच राहिला आणि तरीही शिष्याला तो आला. काही गेले नाही, पण काही घडले. आठवण एकाकडून दुसऱ्याकडे कशी पोहोचते, याचे हे सर्वांत प्रामाणिक वर्णन आहे.

डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांच्या निर्वाणानंतर, १९५७ साली, प्रकाशित झालेल्या ‘बुद्ध आणि त्याचा धम्म’ या मूळ इंग्रजी ग्रंथातही पुनर्जन्माचा विचार याच काटेकोरपणाने केलेला आहे. पुनर्जन्म कशाचा आणि पुनर्जन्म कोणाचा, असे दोन प्रश्न त्यांनी वेगळे केले. निरनिराळ्या मृतांच्या घटकांच्या मिश्रणातून नवे शरीर झाले, तर तो पुनर्जन्म असेल, पण त्याच जीवाचा पुनर्जन्म नव्हे, असा निर्वाळा त्यांनी दिला. ‘कशाचा’ आणि ‘कोणाचा’ हा भेद राचेलला लागू करून पाहावा. तिच्यात आठवणी आल्या हे खरे. ती पुतणी तिच्यात आली हे खोटे. मात्र दुःख करताना तिचा जो समज आहे, तोही तितकाच खोटा आहे. खऱ्या आठवणी असलेल्या माणसालाही त्यांच्या मागे उभा असा स्थिर ‘मी’ सापडत नाही. तिचे दुःख आणि तिची करुणा ही मात्र आत्ता, तिच्यात उत्पन्न झालेली आहेत, आणि तेवढ्यापुरती ती पूर्णपणे खरी आहेत.

पाहिले म्हणजे कळले काय?

येथपर्यंतचा विचार तत्त्वाचा झाला. परंतु या कल्पनेचा खरा मोह वेगळाच आहे. जुलूम करणाऱ्याला जुलूम सोसणाऱ्याची आठवण एकदा देता आली, तर जुलूम थांबेल, अशी आशा तिच्यात आहे. आपल्या समाजाला ही आशा समजावून सांगावी लागत नाही. म्हणून ती अधिक सावधपणे तपासली पाहिजे.

‘स्ट्रेंज डेज’मध्येच तिला उत्तर आहे. या चित्रपटातील एक खुनी आपला अनुभव नोंदवितो आणि त्याच वेळी बळी पडणाऱ्या स्त्रीच्या डोक्यावर दुसरी जाळी चढवितो, जेणेकरून तिला स्वतःचे मरण त्याच्या डोळ्यांनी दिसावे. अनुभवाचे हस्तांतर येथे परिपूर्ण आहे, आणि ते क्रौर्याचे हत्यार झाले आहे. तबकड्या विकत घेणारी गिऱ्हाइकेही दुसऱ्याचे भय मनोरंजन म्हणून अनुभवतात. वेदना पोहोचली म्हणजे करुणा पोहोचली, असे होत नाही.

या चित्रपटाच्या मागे एक सत्य घटना उभी आहे. ३ मार्च १९९१ रोजी लॉस एंजेलिस येथे रॉडनी किंग या कृष्णवर्णीय नागरिकाला पोलिसांनी केलेली मारहाण एका रहिवाशाने आपल्या कॅमेऱ्याने टिपली, आणि ती साऱ्या जगाने पाहिली. तरीही २९ एप्रिल १९९२ रोजी ज्यूरींनी आरोपी पोलिसांना जवळजवळ सर्व आरोपांतून मुक्त केले. बचाव पक्षाने तीच चित्रफीत संथ गतीने, तुकड्यातुकड्याने दाखवून तिचा अर्थच पालटला होता. त्यानंतर उसळलेल्या दंगलीत पन्नासहून अधिक माणसे मृत्युमुखी पडली. १९९३ साली संघराज्याच्या न्यायालयात दोघा पोलिसांना शिक्षा झाली. चित्रे तीच होती. पाहणाऱ्यांची सञ्ञा आणि संखार वेगळे होते. ज्याच्या मनात आधीच पूर्वग्रहाचे इंधन भरले आहे, त्याच्या ठायी दुसऱ्याच्या दुःखाची नोंदही त्याच इंधनावर पेटते.

साक्ष कशी पारखावी

मग साक्ष व्यर्थ आहे काय? मुळीच नाही. ‘स्ट्रेंज डेज’च्या शेवटी ती तबकडी योग्य हाती पोहोचते आणि गुन्हेगारांना अटक होते. नोंद नसती तर खून पचला असता. मात्र नोंदीला पारख लागते.

बौद्ध संघाचा इतिहास हा या बाबतीत आपला मार्गदर्शक आहे. तथागतांच्या महापरिनिर्वाणानंतर राजगृह येथे पहिली संगीती भरली. परंपरेनुसार भिक्खू उपालींनी विनय आणि भदन्त आनंदांनी धम्म स्मरणातून सांगितला, आणि संघाने तो एकत्र म्हटला. पुढे कित्येक शतके भाणकांनी तो मुखोद्गत ठेवला, आणि इसवी सनापूर्वी पहिल्या शतकात श्रीलंकेत तो लिहिला गेला. येथे एकाची आठवण सर्वांपुढे मांडली गेली. ती खाजगी मालमत्ता राहिली नाही. महापरिनिब्बान सुत्तात तर स्पष्ट नियमच आहे. कोणी म्हणाला की, हे मी प्रत्यक्ष भगवंतांच्या तोंडून ऐकले आहे, तरी त्याचे म्हणणे लगेच स्वीकारू नये व लगेच धिक्कारूही नये. सुत्त व विनय यांच्याशी ते ताडून पाहावे आणि मग ठरवावे. प्रत्यक्षदर्शीची स्मृती आदरणीय आहे, पण तपासणीच्या वर नाही. उद्या कोणी खरोखरच स्मृतियंत्र घडविले, तरी हा नियम तसाच लागू राहील. जेथे खोटी आठवण घडविता येते, तेथे तर तो अधिकच लागू राहील.

बाबासाहेबांनी आपल्या आठवणी इंग्रजीत लिहिल्या, त्या ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या नावाने १९९० साली पुस्तिकारूपाने प्रसिद्ध झाल्या. अस्पृश्यता म्हणजे काय हे परक्यांना नुसत्या वर्णनाने उमगत नाही, म्हणून त्यांनी प्रसंग सांगण्याची पद्धत निवडली. १९०१ साली वडिलांना भेटण्यास निघालेली मुले मसूर स्थानकावर उतरतात, जात कळताच गाडीवाले नकार देतात, आणि रात्रीच्या प्रवासात जवळ अन्न असूनही पाण्यावाचून त्यांना उपाशी राहावे लागते. कल्पनेतील यंत्राने त्या मुलाची तहान आणि त्याचे भय आपल्यात उतरविले असते. पण ती तहान कोणत्या व्यवस्थेने निर्माण केली, याचे ज्ञान त्या रात्रीच्या मुलापाशी नव्हते. ते पुढे अभ्यासाने व चिंतनाने आले. लेखनात तहान आणि तिचे कारण ही दोन्ही एकत्र आली आहेत. दुःख आहे आणि दुःखाला कारण आहे, ही दोन्ही सत्ये जेथे एकत्र येतात तेथेच मार्ग सुरू होतो.

उपसंहार

स्मृतियंत्राच्या कथांतून आपण दोन गोष्टी घेऊ शकतो. पहिली, तृष्णेचा धोका. लेनी निरो आणि कानामागे कण बसविलेला पती हे दोघेही गेलेल्या क्षणांमागे धावतात आणि समोरच्या माणसाला गमावतात. भूतकाळामागे धावू नये, हा भगवंतांचा उपदेश विसरण्याचा उपदेश नव्हे. चिकटून न राहण्याचा आहे. ‘सती’ या एकाच शब्दात स्मरण आणि वर्तमानाची जागरूकता असे दोन्ही अर्थ आहेत, याचे मर्म येथे उमजते. दुसरी, पोहोचविण्याचे कर्तव्य. आपल्या आजी-आजोबांनी जे भोगले, ते नव्या पिढीच्या मेंदूत यंत्राने उतरणार नाही. ते गुरूच्या श्लोकाप्रमाणे सांगावे लागेल, ऐकावे लागेल, ताडून पाहावे लागेल आणि स्वतःच्या इंधनावर पुन्हा पेटवावे लागेल. घरातील वृद्ध माणसे आहेत तोवर त्यांच्याजवळ बसून त्यांच्या हकिगती लिहून घेणे, हे त्याचे आज करता येण्याजोगे पहिले काम होय.